बारा बदकं आणि डबीचं झाकण

मैदानात मुंगी शिरायला जागा नव्हती. पिवळी शाल पांघरलेले महाराज पुढे आणि मागे एका रांगेत बारा पांढरी बदकं, अशी मिरवणूक गर्दीतून चालली होती. ना दोरी, ना काठी. मध्येच एखाद्या आजारी माणसासमोर महाराज थांबत आणि बाराच्या बारा बदकं खाली बसत. मग महाराज डोळे मिटून म्हणत, "मुक्या जिवांना खोटं बोलता येत नाही. यांनी तुझी व्याधी ओढून घेतली. आता औषध घेशील तर यांचा अपमान होईल." बदकांचा अपमान नको म्हणून माणसं तिथल्या तिथे गोळ्या फेकून देत.

त्या दिवशी बदकं ताईसमोर बसली. तिला तिथे नेलं होतं तिच्याच धाकट्या भावाने, आणि हा भाऊ अंडी उबवणी केंद्रात वीस वर्षं मशीन सांभाळणारा.

बदकं मागे का चालतात, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. अंड्यातून निघालेलं पिल्लू समोर पहिल्यांदा जे हलताना दिसेल त्याला आई समजतं. मागे लागण्याची ओढ जन्मजातच असते, आई कोण एवढंच ते तेव्हा शिकतं. त्याच्या निळ्या गमबुटांमागे कितीतरी पिल्लं अशी लागली होती. वर्षापूर्वी फुटायला आलेली बारा अंडी घ्यायला एक गिऱ्हाईक आलं, तेव्हा यानेच फुशारकी मारली होती, "पहिलं तोंड तुमचंच दिसू द्या, मग बघा गंमत."

ते गिऱ्हाईक म्हणजे हेच महाराज. भावाने त्यांना पहिल्याच दर्शनाला ओळखलं होतं. पण महाराजांनी भर गर्दीत खांद्यावर हात ठेवून "या जिवांचा जन्मदाता" म्हटलं आणि गडी विरघळला. चालण्याचं कारण कळतंय, पण आजारी माणूस ओळखून बसण्याचं काय? तेवढं अर्धं त्याने देवावर सोडलं.

ताईने साखरेची इंजेक्शनं बंद केली. नवव्या दिवशी ती स्वयंपाकघरात कोसळली. दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी विचारलं, इंजेक्शन थांबवायला कोणी सांगितलं? बदकांनी, असं म्हणायला भावाची जीभ रेटेना.

दुसऱ्या दिवशी तो कामावर दाण्याच्या डब्या भरत होता. केंद्रातून अंडी किंवा पिल्लं नेणाऱ्याला पत्र्याची अशी एक डबी फुकट मिळते. झाकण उघडलं, टक. कोपऱ्यातल्या आठवड्याच्या पिल्लांनी एकदम माना वळवल्या आणि ती धावत आली. तो तसाच उभा राहिला. ताईसमोर बदकं बसण्याआधी शालीच्या घडीतून हाच आवाज आला होता, आणि त्याने तो स्वतःच्या कानांनी ऐकला होता. काखेत कळसा आणि गावाला वळसा. आपलीच लाज वाटून त्याने डबी खिशात घातली.

पुढच्या दर्शनाला तो मैदानाच्या कडेला, एका जुन्या स्कूटरपाशी उभा राहिला. महाराज जवळ येताच त्याने झाकण वाजवलं. टक. बदकांनी महाराजांना सोडलं, ती तुरुतुरु आली आणि स्कूटरभोवती शहाण्यासारखी बसली.

"या स्कूटरलाही साखरेचा आजार आहे का, महाराज?" त्याने विचारलं. लोक हसले. महाराजांचा हात शालीत गेला तो बाहेर येईना.

तो मात्र हसला नाही. मान खाली घालूनच त्याने सगळं सांगितलं. मागे चालणं या पाखरांच्या रक्तातच आहे. आवाज झाला की बसायचं, बसलं की दाणा मिळतो, हे त्यांना शिकवलंय. अंडी मी दिली, युक्ती मी दिली, ही डबीही माझ्याच केंद्रातली. "मी गप्प बसलो म्हणून माझी बहीण मरता मरता वाचली. तुमची औषधं आजच सुरू करा. आणि यापुढे चमत्कार दिसला की आधी तो कसा केला ते विचारा."

संध्याकाळी दवाखान्यात त्याने ताईलाही सगळं सांगितलं.

"म्हणजे तुला माहीत होतं?"

"अर्धं."

"मग उरलेलं अर्धं विचारायला तुझी जीभ झडली होती का?"

नर्स इंजेक्शन घेऊन आली. ताईने मुकाट्याने दंड पुढे केला आणि तो भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. ताईचा तो प्रश्न आपणही स्वतःला विचारावा, आणि हात जोडण्याआधी विचारावा.