तिसरी कॉइल

रेणुकादास सरांनी बाटलीतलं उरलेलं पाणी रुमालावर ओतलं आणि तो ओला रुमाल इंजिनाला ठिणगी पुरवणाऱ्या कॉइलभोवती गुंडाळला. रुमालातून वाफ निघाली. सरांनी आधी गाडीकडे नाही, रस्त्याकडे पाहिलं. ओळखीचं कोणी जात नव्हतं.

"दहा मिनिटं," ते म्हणाले. "थंड झाली की चालू होईल."

"मागच्या खेपेलाही दहाच होती," आत बसलेल्या चंद्रप्रभाबाई पदराने वारा घेत म्हणाल्या. "तोवर फीत कापून लोक जेवायला बसतील."

औशाला सरांच्या क्लासच्या नव्या शाखेचं उद्घाटन होतं. लातूरमध्ये तेव्हा दर चौथ्या घरावर क्लासचा बोर्ड लागत होता, आणि फिजिक्स म्हटलं की पालक सरांच्या दारात रांग लावत. त्यातही त्यांचा इंडक्शनचा धडा गाजलेला. कॉइलमध्ये काय होतं, हे त्यांचा विद्यार्थी झोपेतून उठवला तरी सांगेल, अशी ख्याती. अशा माणसाची जुनी पद्मिनी मोटार कॉइलपायी रस्त्यात उभी राहावी, हे काही शोभण्यासारखं नव्हतं. म्हणून सर बॉनेट उघडत तेव्हा पाठ रहदारीकडे ठेवत.

गाडी चालू झाली आणि औशाच्या एसटी स्टँडापाशी पुन्हा बंद पडली. समोरच चन्नबसप्पाचं गॅरेज होतं. म्हातारा उठून आला. त्याने घाई केली नाही. डिस्ट्रिब्युटरच्या मधली जाड वायर उपसली, तिचं टोक इंजिनाच्या लोखंडापासून बोटाच्या पेराएवढं दूर धरलं आणि सरांना म्हणाला, "मारा सेल."

सरांनी सेल मारला. ठिणगी पडली, पण मरतुकडी, पिवळसर.

"निळी पायजे. टच्‌ वाजली पायजे," चन्नबसप्पा म्हणाला. त्याने खिशातल्या फडक्याला हात पुसले, कॉइलला हात लावून बघितला आणि झटकला. "थंडीत बरी चालते, तापली की मान टाकते. असंच ना?"

"असंच."

"कितवी ही?"

"तिसरी. एका वर्षात." सर जरा सावरून बसले. "पहिल्या दोन आमच्या मेकॅनिकने बसवल्या होत्या. ही मात्र मी स्वतः नांदेडहून आणली. सीलबंद खोक्यातली. बिल आहे."

"मग माल चोख हाय," म्हातारा म्हणाला. "माल चोख असून जळून राहिली म्हणजे जाळणारं कोणतरी हाय. इंजन बंद करून किल्ली चालू ठिवता का, सर?"

"छे."

"ठेवतात की," चंद्रप्रभाबाई खिडकीतून म्हणाल्या. "रोज दुपारी दोन ते तीन. घरात खोलीखोलीत पोरं बसलेली असतात, हे गाडीत बसतात. रेडिओ लावून."

"बातम्यांपुरता," सर म्हणाले.

"बातम्या, मग गाणी, मग घोरणं."

चन्नबसप्पा हसला नाही, हे सरांना जास्त लागलं. तो डॅशबोर्डखाली वाकला. रेडिओची वायर त्याने बोटाने मागे मागे नेली ती किल्लीच्या स्विचपाशी पोचली. ही वायर आदल्या वर्षीच्या भूकंपात सरांनीच ओढली होती. महिनाभर सगळी गल्ली अंगणात झोपत होती तेव्हा सर गाडीत निजत आणि रेडिओला कान लावून असत. किल्ली फिरवल्याशिवाय रेडिओ लागत नसे, पण आपण स्वतः केलेली जोडणी म्हणून सरांना तिचा अभिमान होता. भूकंप ओसरला, सवय राहिली.

"इंजन थांबताना डिस्ट्रिब्युटरमधले पॉइंट मिटलेले राहिले की कॉइलमधनं करंट सारखा जात राहतो," म्हातारा म्हणाला. "तासभर. रोज. आतल्या आत भाजते ती."

उष्णता म्हणजे धारेचा वर्ग, गुणिले रोध, गुणिले काळ. हे सूत्र सर मुलांकडून तीन तीनदा लिहून घेत. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

"लातूरला कोणाकडं जाता?"

"व्यंकटकडे जात होतो."

"माझ्याच हाताखाली शिकलाय तो. त्यानं इचारलं न्हाई, असं व्हायचं न्हाई."

विचारलं होतं. दुसरी कॉइल बसवताना व्यंकट चाचरत म्हणाला होता, "सर, किल्ली तर चालू राहत न्हाई ना?" आणि सर म्हणाले होते, "व्यंकट, हा धडा मी शिकवतो." त्यानंतर त्यांनी त्याच्याकडे जाणं सोडलं.

तेवढ्यावर थांबले असते तर बरं होतं. पण सरांना धड्यात एक विनोद लागत असे. तेव्हापासून प्रत्येक बॅचला ते फळ्यावर दोन वेटोळी काढत आणि सांगत, "ही प्रायमरी, ही सेकंडरी. तिसरा प्रकार आपल्या गावात मिळतो. ओरिजिनल कॉइल आत जाते, डुप्लिकेट बाहेर येते. त्याला म्हणतात व्यंकट ट्रान्सफॉर्मर." एकशे ऐंशी पोरं हसत. सर हशा ओसरेपर्यंत खडू हातात धरून थांबत.

चन्नबसप्पाने एक जुनी कॉइल बसवून दिली. फीत कापली गेली, हार पडले. भाषणात सर इंडक्शनबद्दल एक अक्षर बोलले नाहीत.

"व्यंकटकडे जाऊन या," परतताना चंद्रप्रभाबाई म्हणाल्या. एवढंच.

दुसऱ्या दिवशी दुपारी सर गाडी घेऊन गेले. काय बोलायचं ते त्यांनी घरून ठरवून आणलं होतं: आधी चूक, मग माफी, मग वर्गातही हे सांगीन असं वचन. नीट तीन मुद्दे. गॅरेजात पूर्वी चार-पाच गाड्या असत, आज एक उभी होती. व्यंकट स्टुलावर बसून कार्बोरेटर धूत होता. सरांना बघून तो धडपडत उठला आणि हात पँटला पुसत राहिला.

"सर! बसा, बसा. लई दिवसांनी."

"काम कमी दिसतं."

"हाव. नव्या गाड्या आल्या ना, सर. कंपनीतच जातात लोक. ते कॉलेजचे तिघं प्रोफेसर बी यायचे बंद झाले. चालायचंच."

त्या तिघांचीही मुलं आपल्या बॅचमध्ये आहेत, हे सरांना आठवलं. त्यांनी घसा साफ केला.

"व्यंकट, मी तुला एक सांगायला आलोय. ती कॉइल—"

"आधी मला बोलू द्या, सर." व्यंकटने पुढे वाकून त्यांच्या पायाला हात लावला. सरांना पाय मागे घेता आला नाही. "येतो येतो म्हणत होतो, पण तुमच्या घरी कसं यावं. पोरगी हाय की तुमच्याकडं. उज्वला. संध्याकाळच्या बॅचला."

सरांना मुलांचे रोल नंबर माहीत असत. नावं, बापाचे धंदे, फॉर्म हे सगळं चंद्रप्रभाबाई बघत.

"ती म्हणली, पप्पा, सर वर्गात तुमचं नाव घेतात. एवढ्या पोरांसमोर. नाव घेऊन. मी म्हणलं, गप, थापा नको मारू. तर शपथ घेतली तिनं." व्यंकट हसला, आणि त्याचं ते हसणं आवरेना. "माझ्या बापाचं नाव कुणी चावडीवर घेतलं न्हाई, सर. तुम्ही माझं वर्गात घेतलं."

सरांच्या मनातले तिन्ही मुद्दे जागच्या जागी राहिले. पहिला बोलावा तर दुसरा बोलावा लागला असता, आणि तिसऱ्याला पोचेपर्यंत या माणसाला कळलं असतं, की आपली पोरगी इतके महिने काय ऐकून घरी येत होती.

"बोला ना, सर. कॉइलचं काय?"

"गेली," सर म्हणाले. "माझ्यामुळे गेली. मी किल्ली चालू ठेवून बसतो. तू विचारलं होतंस."

"असं म्हणा!" व्यंकटला खरोखर बरं वाटलं. "मी म्हणलं, माझ्या हातालाच काय झालं. रेडिओला वायर सरळ बॅटरीवरनं देतो, मधी फ्यूज टाकतो. मग बसा खुशाल."

तो बॉनेट उघडत होता तेव्हा सायकल भिंतीला टेकवून एक मुलगी डबा घेऊन आत आली. सरांना बघून ती दारातच थांबली. दोन वेण्या, खांद्याला क्लासची पिशवी. तिसऱ्या रांगेत भिंतीकडेला बसते ही, सरांना आता आठवलं. सगळे हसतात तेव्हा वहीत वेटोळी काढत असते.

"ये की, उज्वला. सरच आलेत बघ," व्यंकट म्हणाला. मग त्याच्या मनात काय आलं कोण जाणे, तो हातातला पाना तसाच धरून वळला. "सर, एक इचारू? ही नीट सांगत न्हाई. इचारलं की म्हणते, चांगलं म्हणाले. तुम्ही नेमकं काय म्हणता वर्गात?"

मुलीने डबा दोन्ही हातांनी धरला. ती सरांकडे बघत होती. त्या नजरेत राग असता तर सरांना तो पेलता आला असता. तिथे भीती होती, आणि ती बापासाठी होती.

"मी म्हणतो," सर म्हणाले, आणि तीस वर्षांत पहिल्यांदा त्यांना पुढचा शब्द शोधावा लागला. "मी म्हणतो की कॉइल कळायची तर पुस्तक पुरत नाही. व्यंकटकडे जाऊन उभं राहा."

व्यंकटने मुलीकडे पाहिलं.

"असंच म्हणतात?"

"हाव, पप्पा," उज्वला म्हणाली. "असंच." आणि डबा स्टुलावर ठेवून तिने सरांसाठी खुर्ची पुसली.