खालच्या दोन ओळी

दादूने रिपोर्टातल्या एका ओळीवर बोट ठेवलं आणि ते तिथून उचललं नाही.

"हितं वाचा सायेब. कॅन्सर आढळला न्हाई. डॉक्टरीणबाईंनी निळ्या पेनानं खूण करून दिलीया."

टेबलापलीकडे गौरेश होता. गोव्यातल्या तुयेच्या औद्योगिक वसाहतीत बाटल्यांची झाकणं करणाऱ्या त्या कारखान्यात कामगार ठेवायचे-काढायचे कागद त्याच्याकडे असत. पोरगा वाईट नव्हता. पण त्याची नजर दादूच्या बोटाच्याही खाली, शेवटच्या दोन ओळींवर गेली होती.

"आणि ह्यां काय, दादूकाका? पेशींत बदल. पुढे कॅन्सर होऊ शकता. सहा म्हयन्यांनी परत तपासणी."

"होऊ शकतो! झालाय कुटं?"

"माका कळता. पण ह्यो ओळी दिसल्यो की वरचे सायब सही करूचे नाय. साफ कागद हाडा, उद्यासून कामार या." मग मान वर न करता तो हळूच म्हणाला, "झेरॉक्स चलता."

साफ कागद! चंदगडाकडून आलेला हा माणूस सतरा वर्षं त्यांच्या साच्यासमोर उभा होता. सारखा लघवीला जातो म्हणून सुपरवायझरने चारचौघांत हटकलं, डॉक्टरचा कागद आण म्हणाला, तेव्हा कुठे तो म्हापशाला इस्पितळात गेला. तिथे सुईने तुकडे काढून तपासले. प्रोस्टेटच्या पेशी बिघडायला लागल्यात, डॉक्टरीणबाईंनी समजावलं होतं. हा कॅन्सर नव्हे. काहींना पुढे तो होतो, पुष्कळांना होतही नाही. म्हणून रक्त तपासत राहायचं, नजर ठेवायची, घाबरायचं नाही. दादू घाबरला नव्हता. घाबरली होती ती कंपनी. न झालेल्या रोगासाठी माणसाला घरी बसवायचं आणि वर त्याला काका म्हणायचं! दादूच्या कपाळाची शीर तटतटली.

वसाहतीच्या फाटकासमोर वत्सलाबाईचं झेरॉक्सचं दुकान होतं. साठी ओलांडलेली ती पेडण्याची बाई गिऱ्हाइकाकडे न बघता कागद ओढून घ्यायची. दादूने रिपोर्ट काउंटरवर आपटला.

"खालच्या दोन ओळी नगंत. बाकीचं काडा."

ती कारण विचारील, आढेवेढे घेईल, म्हणून त्याने उत्तर तयार ठेवलं होतं. तिने काही विचारलं नाही. ड्रॉवर उघडला. आत पुठ्ठ्याच्या पांढऱ्या पट्ट्या होत्या, अरुंद, रुंद, हाताळून कडा मळलेल्या. तिने दोन लावून पाहिल्या, तिसरी नेमकी बसली.

"एवड्या पट्ट्या?" दादू म्हणाला.

"साखरेची ही. टीबीची हेच्यापेक्षा रुंद. गरवार बायलांची बारीक, एकच ओळ झाकूची आसता." तिने मशीनचं झाकण दाणकन खाली पाडलं. "ह्या कंपन्यांका माणसां नको, साफ कागद व्हये. घेवा म्हणा, साफ कागद!"

दादू त्या ड्रॉवरकडे बघत राहिला. ही लबाडी आपण एकटेच करतोय, या लाजेने तो इथवर मान खाली घालून आला होता. आता त्याला लाज वाटेना, नुसता संताप आला.

कॉपी बाहेर आली. खालची जागा कोरी. पण वत्सलाबाई थांबली नाही. पट्टी काढून तिने पूर्ण रिपोर्टाची आणखी एक प्रत काढली आणि स्वतःच्या फाइलीत लावली. मग खिळ्यावरचं कॅलेंडर उतरवून मे महिन्यावरून नोव्हेंबरवर आली.

"नाव?"

"ते कशाला?"

"सहा म्हयन्यांनी नव्या तपासणीचो कागद माका हाडून दाखवतलंस. इलंस नाय, तर ही पुरी कॉपी मी स्वता नेऊन तुज्या सायबाच्या टेबलार ठेवतलंय."

"ही कसली जबरदस्ती ओ बाई! रोग माजा, कागद माजा..."

"पट्टी माजी."

तिच्याशी भांडावं म्हणून दादू पुढे वाकला, तेव्हा कॅलेंडरची पानं त्याला दिसली. तारखांच्या चौकोनांत बारीक अक्षरात नावं होती आणि नावांपुढे बरोबरच्या खुणा. त्याने पानं मागे उलटली. फेब्रुवारीतल्या एका नावापुढे खूण नव्हती.

"ह्यो आला न्हाई वाटतं."

वत्सलाबाईने मशीन बंद केलं.

"वाट बघून मिया फोन केल्लो. तेच्या बायलेन उचललो. तो वारल्लो." ती पेन्सिलीचं टोक बघत राहिली. "तिका खंय काय म्हायत होतां? तेच्या कागदार पट्टी मियाच लायल्ली."

रस्त्यावरून कामगारांची बस गेली. दादूने कोऱ्या जागेची कॉपी घडी करून खिशात घातली. मग नाव सांगितलं. मोबाइलचा नंबर सांगितला, दोनदा.

"आणि बायलेचो?"

बायको मंजुळाजवळ त्याने म्हापशाचं नावही काढलं नव्हतं. दोन दिवस ओव्हरटाइम आहे, एवढंच सांगून तो घरातून निघाला होता.

"लिवा," तो म्हणाला.