मामाची मांडी

बाळाचं जावळ भैरोबासमोर, वस्तऱ्यानं काढायचं, असं सासूबाईंनी ठरवलं आणि माझं चित्त उडालं. अकरा महिन्यांचं पोर, टाळू अजून भरलेली नाही. बजरंग न्हावी एकच वस्तरा कुणाकुणाच्या गालांवरून फिरवतो, ते मी खिडकीतून रोज पाहत होते.

सरळ नको म्हणवेना. म्हणून म्हटलं, मामाच्या मांडीशिवाय जावळ कसं काढायचं? श्रीधरदादाला निरोप धाडलाय, पण त्याला जमणार नाही.

निरोप मी धाडलाच नव्हता. मी शनिवार पेठेतलं घर सोडून हडपसरच्या शेतकऱ्यांत लग्न केल्यापासून दादा माझ्याशी बोलत नव्हता. त्याचा अबोला पहिल्यांदाच माझ्या उपयोगी पडत होता.

सासूबाई नुसतं "बरं" म्हणाल्या.

रविवारी देवळापुढे पाट मांडलेला, बजरंग आलेला, आणि रिक्षातून दादा उतरला. हातात बाळासाठी टोपरं. गुरुवारी सासूबाई बसनं एकट्या पेठेत जाऊन आल्या होत्या.

"तुझा निरोप घेऊन आल्या," दादा म्हणाला. "वर मलाच सुनावलं. भाऊ रुसला तर रुसू द्या, मामानं कशापायी रुसायचं?"

माझा निरोप! मी सासूबाईंकडे पाहिलं. त्या नारळाची शेंडी सोलत होत्या. मला राहवेना. जवळ जाऊन हळूच सगळं सांगितलं, वस्तऱ्याच्या भीतीसकट.

"मंग वस्तऱ्याचंच बोलायचं व्हतं. भावाला कशाला मधी घातलंस?" एवढंच बोलून त्यांनी बजरंगला नवं पातं लावायला आणि वस्तरा उकळून आणायला सांगितलं.

"तीन पिढ्या बोडल्या ह्या घराच्या," बजरंग पुटपुटला, "आता हत्यार शिजवायचं म्हणं." पण गेला.

पाणी उकळेपर्यंत दादा आणि मी पायरीवर बसलो. दोन वर्षांत बोलायचं साठलेलं खूप होतं. बोललो मात्र आईच्या गुडघ्यांविषयी, आणि बाळाचे कान बाबांसारखे आहेत त्याविषयी.

मग दादानं त्याला मांडीवर घेतलं. बाळानं भोकाड पसरलं. दादाचा तळवा त्याच्या कपाळाला घट्ट धरून होता, मी लहानपणी तापले की माझ्या कपाळावर असायचा तसाच. वस्तरा टाळूवरून गेला तेव्हा माझे हात आपोआप जोडले गेले. भैरोबापुढे आजवर मी ते सासूबाईंना दाखवण्यापुरते जोडत होते.