टेम्पोभर साक्षीदार

मी काळा कोट बोलतोय. हसू नका, ऐका! मी टेरिकॉटचा, म्हणजे निम्मा कापूसच. आणि वऱ्हाडातल्या कापसाला गप्प बसणं कधी जमलंय?

माझा जन्म पिंपळगाव राजाचा. शकूरभाई शिंप्यांनी मला त्यांच्या लेकीसाठी, रुबिनासाठी शिवलं. वकील झालेली लेक! "अब्बा, काखेत ढिला ठेवा," ती म्हणाली. "ढिल्या कोटाले जज इचारत नाही, बेटा," म्हणत त्यांनी घट्ट टीप मारली. ती टीप पुढे भोवली, पण सांगतो ओळीने.

तेव्हा बीटी कापसाच्या एका बियाण्यासाठी कृषी केंद्रापुढे सकाळपासून रांगा लागत. चहाला जायचं तर माणूस आपल्या जागी चप्पल ठेवायचा आणि त्याच्या वतीने चप्पल रांगेत उभी राहायची. एकदा आमच्याच गावच्या सहदेवने रांगेतली अर्जुनरावांची चप्पल लाथेनं उडवली. अर्जुनरावांनी शटर ओढायची लोखंडी आकडी उचलली आणि घातली त्याच्या डोक्यात! सहदेव अकोल्याच्या दवाखान्यात, अर्जुनराव बुलढाण्याच्या तुरुंगात. गुन्हा लागला खुनाच्या प्रयत्नाचा.

अर्जुनरावांची बायको पुष्पाबाई शकूरभाईंच्या दुकानात येऊन बसली. "रुबिना, पोरी, माह्या माणसाले घरी आण. रागीट हाय तो, पण खुनी नाही व माय." रुबिनाचा हात माझ्या खिशात होता. तो काढून तिने वकीलपत्र पुढे सरकवलं. एवढी मोठी केस तिची पहिलीच.

खामगावच्या सेशन कोर्टात मी काय रुबाबात गेलो म्हणून सांगू! रुबिना जामिनासाठी उभी राहिली आणि बाहेर डफड्याचा दणका. अर्जुनरावांना जोर द्यायला गाव टेम्पो भरून आलं होतं. पुढे जानराव डफडं बडवतोय, मागे माणसं घोषणा देताहेत. सरकारी वकिलांनी खिडकीतून पाहिलं आणि त्यांचा चेहराच खुलला.

"साहेब, त्या दिवशी रांगेत हीच मंडळी होती. हे माझे साक्षीदार आहेत आणि आरोपीसाठी वाजतगाजत आलेत! हा बाहेर आला तर खरी साक्ष कोण देईल?"

जामीन नामंजूर. रुबिनाने पायऱ्यांवर जानरावला गाठलं. "काऊन आलते तुम्ही?"

"आम्हाले वाटलं, एवढे माणसं पाहून जजसाहेब म्हनतीन, मानूस चांगला हाय."

लग्नाच्या बैठकीला जावं तसं गाव कोर्टात आलं होतं. पुष्पाबाई एकटीच पायऱ्या उतरून गेली. मला फार वाईट वाटलं.

मग नागपूरचं हायकोर्ट. तिथे माझ्यावर गाऊन चढवतात! एवढा सजून गेलो आणि आतल्या कपड्यात जमा झालो. तरी कॉलर बाहेर काढून ऐकत राहिलो. मला वाटलं, आता कोण खरं, कोण खोटं ते ठरणार. पण न्यायमूर्ती म्हणाले, "गुन्हा केला की नाही, ते खटल्यात ठरेल. आज पाहायचं ते वेगळं. हा पळून जाईल का? साक्षीदारांवर दबाव आणेल का? आत ठेवून आणखी काय साधणार?"

आरोपपत्र दाखल झालंय, आकडी जप्त आहे, सहदेव बरा होऊन घरी आलाय, मागे एकही गुन्हा नाही, असं रुबिनाने सांगितलं. सरकारी वकिलांनी डफड्याची गोष्ट रंगवून सांगितली. कोर्टात हशा पिकला आणि मी घामाने भिजलो.

"साहेब," रुबिना म्हणाली, "तो गावातच नसला तर? रोहिणखेडला त्याची बहीण आहे, सिंधूताई. साक्षी होईपर्यंत तो पिंपळगावच्या शिवेत पाऊल टाकणार नाही."

तिने हे पुष्पाबाईला आधीच विचारलं होतं. 'घरी आण' म्हणणारी ती बाई म्हणाली होती, "हाव. मंग म्याच जाईन रोहिणखेडले."

जामीन मंजूर! मी गाऊनच्या आत अक्षरशः नाचलो.

आणि सुटकेच्या दिवशी तुरुंगाच्या फाटकासमोर काय उभं? टेम्पो! जानरावने काड्या उचलल्या. रुबिना दोन्ही हात पसरून धावली. "वाजवू नका! भेटायचं नाही, बोलायचं नाही! तुम्ही साक्षीदार आहात ना!"

टर्र! मी काखेत उसवलो.

"पाहाचं बी नाही?" जानरावने बिचकत विचारलं.

"नाही!"

मग टेम्पोतल्या सगळ्यांनी तोंडं फिरवली. फाटक उघडलं. अर्जुनराव अनवाणी बाहेर आले, चप्पल मुद्देमालात जमा होती. समोर टेम्पोभर पाठी! त्यातली एकेक पाठ त्यांच्या ओळखीची. ते खो खो हसले आणि हसता हसता रडायला लागले. एकही पाठ वळली नाही, पण जानरावची हलत होती. पुष्पाबाईने त्यांच्या पायांपुढे नवी चप्पल ठेवली. "चाला. दोघाच्या भाकरी बांधल्या."

आता मी दुकानातल्या खुंटीवर आहे, तसाच उसवलेला. सहदेवचं डोकं फुटलं ते खरंच आहे. त्याचा हिशेब खटल्यात होईल आणि तो अजून उभाही राहिलेला नाही. अर्जुनराव शिवेबाहेर आहेत, पुष्पाबाईच्या दाराला कुलूप आहे. शकूरभाई, मला लवकर शिवा. पण या खेपेला टीप ढिली मारा. 'घरी आण' असं पुष्पाबाईनं सांगितलंय, ते अजून व्हायचंय.