आरेनलाच्या आजीची क्लिप

दीक्षा वानखेडे नागपूरहून पीएच.डी. करायला अमेरिकेतल्या स्टेट कॉलेज या गावी आली, तेव्हा तिला रूममेट मिळाली ती आरेनला. नागालँडमधल्या एका डोंगरावरच्या खेड्यातली, आओ नागा. "तू नक्की इंडियन का?" हे आरेनलाला देशी मंडळींच्या पॉटलक जेवणातसुद्धा विचारलं जायचं, आणि "सरनेम काय?" हे दीक्षाला. घरी येऊन दोघी त्यावर पोट धरून हसायच्या.

लग्नाआधीच्या भेटीगाठींच्या बदलत्या रीती हा दीक्षाचा विषय. आरेनलानं तिच्यासाठी आपल्या आजीला व्हिडिओ कॉलवर बोलतं केलं, दीक्षानं ते रेकॉर्ड केलं. चौऱ्याऐंशी वर्षांची आजी सांगायची, की पूर्वी वयात आलेल्या मुली एखाद्या विधवेच्या घरी एकत्र झोपायला जायच्या. संध्याकाळी मुलं यायची, चुलीभोवती गाणी व्हायची, मनं जुळायची. पुढे चर्चला ते पटेना आणि ती घरं बंद पडली. एकदा तिनं एका मुलाचं नाव घेतलं, ते आजोबांचं नव्हतं. मग ओठांवर हात ठेवून ती हसली.

"हे फक्त लिहायला हं," आरेनला म्हणाली. "दाखवायचं नाही कुणाला."

"वेडी आहेस का यार! कशाला दाखवीन?"

मार्चमध्ये डिपार्टमेंटच्या सेमिनारमध्ये दीक्षानं आजीच्या त्या हसण्याचीच चाळीस सेकंदं दाखवली. निदान त्या मुलाचं नाव तरी कापायचं होतं, ते राहून गेलं. खरं म्हणजे त्या हसण्यापुढे तिला आपल्या सगळ्या स्लाइड्स फिक्या वाटल्या होत्या. समोर वीसेक माणसं होती. त्यातल्या कुणीतरी ते मोबाइलवर टिपलं आणि 'किती गोड' असं लिहून सोशल मीडियावर टाकलं.

नऊ दिवसांत क्लिप गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर पोचली. तो मुलगा म्हातारा होऊन कधीच वारला होता, पण त्याची बायको हयात होती. ती आजीची साठ वर्षांपासूनची मैत्रीण. चर्चमध्ये दोघी एकाच बाकावर बसायच्या.

"आता ती आजीकडे बघतसुद्धा नाही," फोन ठेवून आरेनला म्हणाली. "पोरांनी आजीच्या चेहऱ्याचे स्टिकर केलेत. आजीनं चर्च सोडलंय."

"मी डिलीट करते सगळं. चॅप्टरपण काढते."

"कुठून कुठून डिलीट करशील?"

दीक्षा गाईडकडे गेली. त्यांनी सही झालेला संमतीचा फॉर्म पुढे केला, "नियमात चूक नाही," म्हणाले. तो फॉर्म दीक्षानंच आजीच्या वतीनं आरेनलाकडून भरून घेतला होता. तरी तिनं चॅप्टर मागे घेतला. महिनाअखेरीला आरेनला दुसरीकडे राहायला गेली.

ऑगस्टमध्ये कॅम्पस बसच्या स्टॉपवर दोघी समोरासमोर आल्या. आरेनलानं सांगितलं, की आजीची ती मैत्रीण जुलैत वारली. आजी शेवटचं बघायला उंबऱ्यापर्यंत गेली होती, पण त्या घरच्यांनी आत घेतलं नाही.

"आजी तुझ्याबद्दल एकच विचारते," आरेनला म्हणाली. "ती मुलगी पास झाली का?"

बस आली. आरेनला चढली. दीक्षालाही त्याच बसनं जायचं होतं, पण ती तिथेच उभी राहिली.