फटीतली चिठ्ठी

मित्रांनो, मी कोर्टाच्या व्हरांड्यातला एक जुना बाक आहे. सुताराने मला घडवलं तेव्हा "हत्ती बसला तरी हलायचा नाही," असं तो छाती ठोकून म्हणाला होता. हत्ती काही आला नाही. आली ती तारखांना कंटाळलेली माणसं. त्यांना पेलून पेलून मी थकलो. पुढे माझी मधली फळी चिरली आणि मी बसणाऱ्यांना चिमटे काढू लागलो. दुरुस्तीचा अर्ज गेला, तो गेलाच.

त्या माणसांत शिवणकाम करणाऱ्या एक मावशी होत्या. दोन खोल्या विकत घ्यायचा त्यांनी करार केला, पैसेही भरले, पण मालक खरेदीखत करून देईना. खालच्या कोर्टात मावशी हरल्या, म्हणून इथे अपिलात आल्या. हक्काचं छप्पर मिळायची ही शेवटची आशा. दर तारखेला फाटकावर मिळालेली, तारखेचा शिक्का मारलेली प्रवेशाची चिठ्ठी घडी करून त्या माझ्या फटीत कोंबत आणि मगच बसत. तेवढाच माझा चिमटा कमी लागे.

घात झाला एका मंगळवारी. इथले न्यायाधीश रजेवर होते, म्हणून त्यांची कामं वरच्या मजल्यावरच्या कोर्टात गेली. पुकाराही वरच झाला. मावशींचे वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेले आणि मावशी इथे बंद दाराकडे डोळे लावून बसलेल्या. वर 'गैरहजर' असा शेरा पडला आणि अपील निकालात निघालं. मावशी दिवसभर इथेच होत्या, हे मला ठाऊक होतं. पण बाकाची साक्ष कोण घेतो?

अपील पुन्हा सुरू करावं म्हणून वकिलांनी अर्ज दिला. सुनावणी मला दारातून ऐकू येत होती.

"बाई त्या दिवशी आल्याच नव्हत्या," समोरचे वकील म्हणाले.

"आल्या होत्या याला काही आधार?" न्यायाधीशांनी विचारलं आणि जेवणानंतरची वेळ दिली.

मावशी बाहेर आल्या, माझ्यापुढे गुडघे टेकून बसल्या आणि पिशवीतल्या सुईने फट उकरू लागल्या.

शिपायाला हसू आलं. "काय मावशी, ढेकूण शोधताय?"

"नाही रे बाबा, घर शोधतेय."

एकेक करत नऊ चिठ्ठ्या निघाल्या. त्यातली एक त्या मंगळवारची होती. शिक्का पुसट झाला होता, तरी तारीख वाचता येत होती. अपील पुन्हा उभं राहिलं. मावशी जिंकल्या नाहीत हं, फक्त पुढची तारीख मिळाली, तीही तीन महिन्यांनंतरची. त्या माझ्यावर बसून पोटभर रडल्या. मलाही भरून आलं.

गेल्या आठवड्यात एकदाचा सुतार आला आणि फट बुजवून गेला. आज मावशी आल्या. त्यांनी सवयीने चिठ्ठीची घडी घातली, फळी चाचपली आणि चिठ्ठी मुठीत धरून बसून राहिल्या.

मित्रांनो, दुरुस्ती झाली, आनंद आहे. आता एकच मागणं. कुणाला गैरहजर ठरवण्याआधी बाकावर कोण बसलंय, तेवढं पाहून जा.