पदराच्या गाठीतला प्रसाद

रायपूरला राजधानीचा मान मिळाला आणि गावाच्या अंगात वारं शिरलं. रस्ते खणले गेले, चौबे कॉलोनीतली भाडी कारकुनाच्या आवाक्याबाहेर गेली, आणि ज्याला म्हणून एक बस आणि एक माईक मिळाला तो सहली काढायला लागला. अगाथा तिर्कीच्या चर्चनंही त्या हिवाळ्यात एक सहल काढली. मिशनची जुनी चर्चं, परदेशातून येऊन इथल्या तापानं गेलेल्या फादर लोकांच्या कबरी, आणि शेवटी महासमुंदकडच्या डोंगरीवरची माता, सगळं एका दिवसात. बस भरून ख्रिस्ती मंडळी निघाली होती. त्यांच्यात खिडकीपाशी पदर डोक्यावर घेऊन, टिकली लावून वनमाला वानखडे बसली होती. तिचं चर्चशी नातं एवढंच, की अगाथा तिची शेजारीण होती.

पण नुसतं शेजारीण म्हणून भागायचं नाही. अगाथा जशपूरकडची उराँव आदिवासी, रेल्वेच्या दवाखान्यात नर्स. वनमालाचे यजमान दयाराम मालगाडीवर गार्ड, मूळ वर्ध्याकडचे. क्वार्टर भिंतीला भिंत लागून होते. पुढे दयाराम रिटायर झाले, तेलीबांध्याकडे घर घेतलं, तर अगाथानं त्याच गल्लीत घर पाहिलं. अगाथानं लग्न केलं नव्हतं. वनमालाच्या लेकीचं बाळंतपण तिनं केलं, आणि मागच्या वर्षी गणपतीच्या आधी दयारामांना लकवा मारला तेव्हा रात्रीचा दिवस केला. वनमाला वऱ्हाडीत बोलायची, अगाथा हिंदीत उत्तर द्यायची, आणि दोघींचं कधी काही अडलं नाही.

आता ही टिकली लावलेली बाई त्या बसमध्ये कशी, ते सांगायला हवं. महासमुंदच्या लायनीवर गाडी असली की दयारामांना शेवटच्या डब्यातून ती डोंगरी दिसायची. वर पांढरी माता, हात पसरून उभी. हा माणूस दर खेपेला हिरवी झेंडी काखेत धरून तिला नमस्कार करायचा. कोणाची देवी, काय देवी, असले प्रश्न त्यांना कधी पडले नाहीत. लकवा मारल्यावर वाचा परत आली तेव्हा जीभ जड असतानाच त्यांनी नवस बोलला, "ठीक झालो का त्या मातेले जाऊन येतो." ठीक काही झाले नाहीत. उलट दिवाळीनंतर खाणं सुटत चाललं. वनमालाच्या मनानं घेतलं, की नवस अंगावर राहिलाय म्हणून माणूस उठत नाही. आपण त्यांच्या वतीनं जायचं, प्रसाद आणायचा, त्यांच्या तोंडात घालायचा, की नवस फिटला. घरातला जो जाऊ शकत नाही त्याला प्रसाद पोचला की यात्रा पोचते, हे ती लहानपणापासून पाहत आली होती. त्यासाठी अगाथाची परवानगी वेगळी मागावी असं तिला वाटलंही नाही.

गाईड म्हणून मिशनच्या शाळेतले निवृत्त मास्तर होते, झेवियर सर. त्यांना माईक हातात मिळाला की सोडवत नसे. पहिल्या चर्चमध्ये त्यांनी सागवानाच्या वेदीवर अर्धा तास घेतला, कबरींपाशी त्याहून जास्त. वनमालानं प्रत्येक कबरीला वाकून नमस्कार केला. एवढ्या लांबून येऊन इथं मेली बिचारी, कोणाची आई वाट पाहत राहिली असेल, असं तिच्या मनात आलं आणि डोळे भरले. अगाथानं तिच्याकडे पाहिलं आणि हात धरला. ती सकाळ फार चांगली गेली, हे पुढे आठवायला वनमालाला नको व्हायचं.

डोंगरीवर मातेच्या पायथ्याशी मांडव घालून मिस्सा, म्हणजे चर्चची पूजा, ठेवला होता. अगाथाला गाणाऱ्या बायकांत उभं राहायचं होतं. जाताना ती एवढंच म्हणाली, "भाभी, सब खड़े हों तो खड़ी हो जाना, बैठें तो बैठ जाना."

वनमाला आज्ञाधारक बाई. चपला तिनं खालीच काढल्या होत्या. सगळे उठले की उठली, बसले की बसली. मग रांग लागली तेव्हा सगळे उठले, म्हणून तीही उठली आणि रांगेत गेली. पुढे फादर प्रत्येकाला काहीतरी पांढरं देत होते. कोणी जिभेवर घेत होतं, कोणी हातावर. हेच ते, ज्याच्यासाठी आपण आलो, असं मनात म्हणत तिनं डाव्या हातावर उजवा हात ठेवून ओंजळ पुढे केली. हातावर पापडीसारखी पातळ गोल चकती पडली. पुढच्या बाईनं आमेन म्हटलं होतं, हिनंही म्हटलं. तो प्रसाद तोंडाशी नेणं तिला जमलंच नसतं. ज्यांचा नवस त्यांच्याआधी आपण कसं खायचं? ती बाजूला झाली, पदराच्या टोकात चकती ठेवली आणि हळूच गाठ मारली. वर मातेकडे पाहून म्हणाली, "नेऊन देतो वं माय. आता उठव त्याईले." वर्षभरात तिला एवढं हलकं वाटलं नव्हतं.

बस परतीला लागली तेव्हा तिनं अगाथाला गाठ दाखवली. आनंद पोटात मावेना.

"ह्यांच्यासाठी परसाद घेतला, दीदी. मी नाही खाल्ला."

अगाथाचा चेहरा उतरला. तिनं आधी गाठीकडे पाहिलं, मग मागे पुढे पाहिलं, आणि आवाज अगदी खाली आणला. "भाभी, वो घर ले जाने का प्रसाद नहीं है. वो प्रभु ही हैं. वहीं लेते हैं, उसी समय. मुझे दे दो, मैं फादर को दे देती हूँ."

"प्रभूच हाय ना? मंग त्याईलेच घरी नेऊन राहिली ना मी."

"समझो, भाभी. ऐसा नहीं चलता. गलती मेरी है, मैंने बताया नहीं."

"काहून नाही चालत? बिमार माणसाले देवानं घरी याचं नाही?"

याला अगाथाकडे उत्तर असेलही, पण ती शिकवणारी बाई नव्हती. तिनं फक्त हात पुढे केला. मागच्या सीटवरच्या बाया पुढे वाकून पाहायला लागल्या. कोणीतरी म्हणालं, "क्या हुआ, क्या रखा है उसने?" झेवियर सरांनी माईक बंद केला. सगळ्यांच्या नजरा पदरावर. वनमालाला वाटलं, आपल्याला चोरी करताना पकडलंय. तिची कानशिलं तापली आणि जिभेचा लगाम सुटला.

"माह्या गणपतीचा परसाद दरसाल डबा भरून नेला तुम्ही. मोदक, पंचखाद्य, सारं. मी विचारलं का कधी, कुठं नेता, काहून नेता? तुह्या देवानं तुले काही केलं का तो खाल्ला म्हणून?"

एवढ्या वर्षांत तिनं अगाथाला पहिल्यांदाच 'तू' म्हटलं होतं.

अगाथानं मान खाली घातली. इथं एक खोटं बोलली असती तर सगळं निभावलं असतं. पण अगाथा तिर्कीला खोटं बोलता येत नसे, आणि हा गुण माणसाच्या कधी कधी मुळावर येतो.

"मैं खाती नहीं थी, भाभी," ती म्हणाली. "पर मैंने कभी..."

पुढचं वनमालानं ऐकलं नाही. दरवर्षी अगाथाच्या डब्यासाठी ती वेगळे मोदक करायची, सारणात खसखस जास्त घालून, कारण अगाथा एकदा म्हणाली होती की वास फार छान येतो. ती सगळी वर्षं तिच्या डोळ्यांसमोर आली आणि प्रत्येक वर्षाचा अपमान एकाच वेळी झाला. ती गाठ सोडायला लागली. गाठ सुटेना, तेव्हा तिनं ती दातानं ओढली.

"घे. घे तुहा देव."

तिनं पदर झटकला. मुद्दाम झटकला की बस हलली म्हणून झटकला गेला, हे तिनं पुढे स्वतःला पुष्कळदा विचारलं, आणि उत्तर तिला माहीत होतं. चकती खाली पडली आणि तिचे तुकडे झाले.

अगाथा सीटवरून उठली आणि दोन सीटांमधल्या वाटेत गुडघ्यांवर बसली. रिटायरमेंटला आलेली, गुडघे दुखतात म्हणून जिना टाळणारी बाई. बस हलत होती. एका हातानं सीटचा दांडा धरून ती एकेक तुकडा बोटानं उचलत होती आणि तोंडात घालत होती. बारीक कण राहिले ते तिनं बोट ओलं करून टिपले. ती रडत होती, पण आवाज करत नव्हती. वनमालानं तोंड खिडकीकडे फिरवलं. बाहेर भाताची कापलेली शेतं होती. एकदा तरी खाली वाकायला हवं होतं, निदान तिचा खांदा धरायला हवा होता. ती रायपूर येईपर्यंत बाहेरच पाहत राहिली.

घरी दयाराम जागे होते. दिवसभर सांभाळायला आलेली लेक त्यांना उशीला टेकून बसवून गेली होती.

"गेलती का?" त्यांनी विचारलं. "पाहिलं मातेले?"

"पाहिलं."

"परसाद?"

वनमालानं त्यांना सगळं सांगितलं. सांगताना आपली बाजू थोडी पुढे सरकवली, अगाथाची थोडी मागे. शेवटी म्हणाली, "आणि वरून म्हणते, तुहे मोदक मी कधी खाल्ले नाही. इतके साल. फेकून देत असन."

दयारामांना शब्द जुळवायला वेळ लागायचा. मग म्हणाले, "मले मालूम होतं."

"काय मालूम होतं?"

"सिस्टर खात नाही. दवाखान्यात नेते. वार्डात वाटते. ज्याईले घरून कोणी येत नाही, त्याईले." त्यांनी दम घेतला. "मागच्या सालच्या गणपतीत मी भरती होतो ना. तू घरची पूजा सोडून येऊ शकली नाही त्या दिवशी. रातच्या ड्यूटीले सिस्टर आली, डबा उघडला, चमच्यानं मोदक बारीक केला. माह्या तोंडात घातला. म्हणे, भैया, घर का प्रसाद है, भाभी ने भेजा है."

वनमाला पलंगाच्या कडेला बसली. तिनं तो डबा अगाथासाठी भरला होता. दयारामांसाठी काही पाठवायचं त्या गडबडीत तिला सुचलंही नव्हतं.

"सांगितलं काहून नाही मले?"

"तुले वाईट वाटलं असतं," दयाराम म्हणाले. "ती म्हणे, सांगू नका."

वनमाला तशीच उठली. चपलाही घातल्या नाहीत. चार घरं ओलांडेपर्यंत तिनं मनात वाक्य जुळवलं. चुकलं माह्यं, दीदी. एवढंच म्हणायचं, मग रडू आलं तर रडायचं. जन्मात ती कोणाची माफी मागायला गेली नव्हती, ना नवऱ्याची, ना सासूची, पण आज मागणार होती. तिनं कडी वाजवली.

अगाथानं दार उघडलं. डोळे सुजले होते. वनमालाला पाहून तिनं दोन्ही हात जोडले आणि वनमालाचं तोंड उघडायच्या आत म्हणाली, "मुझे माफ कर दो, भाभी. मुझे पहले ही समझाना था. और मोदक वाली बात तो मुँह से निकलनी ही नहीं चाहिए थी. भैया का प्रसाद मेरी वजह से नहीं पहुँचा."

आता बोलायची वेळ होती. वाक्य जिभेवर तयार होतं. पण समोर हात जोडलेली बाई आपली चूक कबूल करत होती, आणि वनमालाच्या आतली ती जुनी ताठ बाई, जिला आयुष्यभर दुसऱ्यानं वाकायची सवय, ती आधी जागी झाली.

"हव," वनमाला म्हणाली, "जाऊ द्या."

अगाथाचा चेहरा एकदम निवळला. तिनं वनमालाचे दोन्ही हात धरले, डोळ्यांना लावले, आणि माफ केल्याबद्दल तिचे आभार मानले.